खिळ्यावरची अकरा फडकी

अन्याय माझ्या मावशीवर झाला. तिच्याबरोबर आणखी दहा बायांवर झाला. तीन सीझनमागं, महाशिवरात्रीनंतरच्या मंगळवारी, सकाळी सव्वादहापासून दुपारी साडेबारापर्यंत. ठिकाण पिंपळगाव बसवंतच्या पुढं, हायवेला लागून असलेलं एक द्राक्षाचं पॅकहाउस. त्यातली मागची थंड खोली.

पत्रकाची सुरुवात अशी करायची असं मला संघटनेत शिकवलंय. कुणावर, कधी, कुठं. विशेषणं नंतर. माझ्या पहिल्या पत्रकावर लाल पेन फिरवत आमचे एक जुने कार्यकर्ते म्हणाले होते, "बाई, 'पाशवी', 'अमानुष', 'काळिमा' हे सगळं काढ. राग वाचणाऱ्याला त्याचा त्याला येऊ दे. तू फक्त घड्याळ दाखव." म्हणून घड्याळ दाखवलं. राहिला प्रश्न कुणी केला याचा. मालकानं केला, सुपरवायझरनं केला आणि मी केला. माझा भाग पत्रकात मावत नाही, म्हणून इथं लिहितेय.

मी पेठ तालुक्याच्या बाजूची, वर डोंगरातली. आमच्याकडं भात निघालं, नागली घरात आली की गावं रिकामी होतात. मुकादम जीप घेऊन येतो, टोळी भरतो आणि माणसं खाली द्राक्षाच्या पट्ट्यात उतरतात, ती होळीला वर येतात. माझी आजी उतरायची, आई उतरायची, मावशी उतरायची. मी उतरले नाही, कारण मावशीनं उतरू दिलं नाही. आई गेल्यावर तिनंच मला आश्रमशाळेत टाकलं, दर सुट्टीत न्यायला आली आणि पुढं नाशिकला कॉलेजात धाडलं. "तुझे हात कात्रीला नाय लावायचे," एवढंच म्हणायची.

कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला मी इंदिरानगरात तिघींबरोबर खोली करून राहात होते. माझं इंग्रजी बरं होतं. आमच्या सरांनी एक काम सुचवलं. द्राक्षं युरोपातल्या दुकानांत जातात, तिथल्या गिऱ्हाइकाला ती गोड तर लागतातच, पण त्यामागं कुणाचे हाल झाले नाहीत असा कागदही लागतो. तो कागद करायला तिकडून माणूस येतो, पॅकहाउस बघतो, कामगारांशी बोलतो. त्याला भाषांतर करणारं कुणी तरी हवं असतं. मी एका रूममेटचा कोट घालून गेले. बाहीला लांब होता, तर आतून टाचणी लावली.

तपासणीला आलेल्या बाई पन्नाशीच्या होत्या. उन्हानं लाल झालेल्या, पायात साधे बूट, प्रत्येकाला हात जोडून नमस्कार करणाऱ्या. वाईट नव्हत्या हो. मला वाईट असायला हव्या होत्या, म्हणजे आज लिहिणं सोपं गेलं असतं. गाडीत मला म्हणाल्या, तुझं इंग्रजी सुंदर आहे. मी इतकी खूश झाले की पिंपळगावचा टोलनाका कधी गेला कळलं नाही.

आम्ही ठरल्यापेक्षा तासभर लवकर पोचलो. तो लवकरचा तास मावशीच्या छातीत बसलाय.

आत सगळं लखलखीत. भिंतीवर कामगारांच्या हक्कांचा मराठीतला तक्ता नवा कोरा लावलेला, इतका उंच की मला टाचा उंचावून वाचावा लागला. टेबलांच्या रांगा, प्रत्येक टेबलाशी बाया. डोक्याला जाळीची टोपी, तोंडाला मास्क, हातात मोजे. घड उचलायचा, कात्रीनं खराब मणी काढायचे, डब्यात बसवायचा. बाईंना त्यांच्याशी बोलायचं होतं. सुपरवायझर दोन पावलं मागं उभा.

"इथं संडास उघडे असतात का?" बाईंनी विचारलं, मी विचारलं.

"असत्यात ना," एक म्हातारी म्हणाली. "आज तर साबण पण हाय. वासाचा." आणि माझ्याकडं वाकून हळूच, "घरी नेला तर चालंल का गं, विचार तिला."

शेजारची खिदळली. "नर्स केलंय आज आपल्याला. उद्या पुन्हा होतोच आपण बाया."

मी भाषांतर केलं, संडास उघडे असतात, साबण असतो. 'आज' हा शब्द मी गाळला. तेव्हा मला वाटलं, विनोदाचं काय भाषांतर करायचं.

मग आम्ही जेवणाच्या शेडमध्ये गेलो. तिथं एका भिंतीला खिळे होते आणि खिळ्यांना फडकी लटकत होती. आमच्या बाजूच्या बाया सकाळी भाकरी फडक्यात बांधून नेतात, बरोबर खुरासणीची चटणी. प्रत्येकीचं फडकं वेगळं, गाठ वेगळी. दुसरीच्या फडक्याला हात लावायचा नाही. सकाळी बांधलेली भाकर दुपारीच खायची. संध्याकाळी पालावर चूल पेटते, तेव्हा ताजी. हे मला कुणी शिकवायची गरज नव्हती.

बाई थांबल्या. पेनच्या टोकानं फडकी मोजली. मग वहीतला आकडा बघितला. पुन्हा मोजली.

"टेबलाशी जितक्या बायका होत्या, त्यापेक्षा इथं अकरा जास्त आहेत," त्या म्हणाल्या. "ही कुणाची?"

इतक्या वर्षांत त्या पॅकहाउसमध्ये कुणी विचारलेला तो एकच खरा प्रश्न असावा. बाईंनी तो मला विचारला नव्हता, बायांना विचार म्हणून सांगितला होता. दोन बाया तिथंच माठाजवळ उभ्या होत्या. त्यांना इंग्रजी कळलं नव्हतं, पण पेन फडक्यांवरून फिरलेलं त्यांनी बघितलं होतं आणि त्या माझ्या तोंडाकडं बघत होत्या.

अकरातलं एक फडकं निळ्या चौकडीचं होतं. माझ्या आश्रमशाळेच्या फ्रॉकचं. कोपऱ्याला लाल दोऱ्यानं रफू होतं, ते मीच आठवीत असताना केलेलं.

मावशीची टोळी पिंपळगावकडं कुठं तरी आहे एवढं मला माहीत होतं, कुठल्या पॅकहाउसला ते नव्हतं. आता कळलं. आणि हेही कळलं की ती टेबलाशी नव्हती. मुकादमाच्या टोळीची नावं हजेरीवर नसतात. तपासणी आली की त्या बायांना टेम्पोत बसवून हायवेच्या कडेच्या एखाद्या देवळात नेऊन बसवतात, हे आमच्या गावात शेंबडं पोरही सांगेल. आता देवळाच्या पायरीवर बसून गप्पा हाणत असेल, असं मी धरून चालले.

सुपरवायझर मराठीत म्हणाला, अगदी गोड, "ताई, तुम्ही तिकडच्याच ना. सांगा ना त्यांना तुमच्याकडची पद्धत."

आणि मी सांगितली. कुणालाही न विचारता. म्हटलं, आमच्या भागातल्या बायका दोन वेळची भाकर बांधून आणतात. काही जणी संध्याकाळची वेगळी बांधतात, म्हणून जास्त दिसतात.

बाईंनी ते लिहून घेतलं. "किती छान," म्हणाल्या.

हे खोटं बाहेरच्या माणसाला रचता आलं नसतं. त्याला आमच्याच घरातलं माणूस लागतं.

पुढं थंड खोल्या. पहिली उघडून दाखवली, रिकामी, वाफ येत होती. दुसरीचं दार बंद. सुपरवायझर म्हणाला, "माल भरलाय, उघडली तर टेंपरेचर जाईल, कंटेनर परत येईल." मी त्याचं भाषांतर केलं, त्याच्या बोलण्यापेक्षा चांगल्या वाक्यात. बाईंनी दाराशेजारच्या पाटीवरचा आकडा टिपला. दोन अंश. मग आम्ही ऑफिसात चहा घेतला, त्यांनी मला शिक्षणाबद्दल विचारलं आणि मी बोलत बसले. लांब बोलले. माझं इंग्रजी सुंदर होतं ना. साडेबाराला निघालो. निघताना भाषांतरकार म्हणून माझी सही झाली, 'नोंद नसलेले कामगार आढळले नाहीत' या ओळीच्या खाली. वाचून केली.

होळीला गावी गेले तर मावशी खोकत होती. "थंडी बाधली," म्हणाली. मी म्हटलं, काढा घे.

त्याच वर्षी मी संघटनेत आले. वनहक्काचे दावे, वसतिगृहातल्या पोरींचं जेवण, सगळ्यावर पत्रकं लिहिली. 'विकास कुणाचा, भोगतंय कोण' असल्या ओळी मी झोपेतही लिहू शकत होते. मोर्चात मानवी हक्कांच्या घोषणा देऊन घसा बसायचा. त्या मंगळवारबद्दल मात्र एका माणसाला बोलले नाही. स्वतःला सांगितलं, खरं बोलले असते तर मावशीचं काम गेलं असतं. ऐकायला बरं वाटतं. खरं कारण असं की मला पुढच्या तपासणीलाही बोलावणं हवं होतं.

खोकला गेला नाही. पावसाळा गेला, दुसरं साल गेलं. मावशीला चढ चढवेना, मग विहिरीपर्यंत जाववेना. शेवटी मी तिला नाशिकला आणलं. सरकारी दवाखान्याच्या बाकड्यावर नंबर लागायची वाट बघत आम्ही बसलो होतो. आतून डॉक्टरांनी पाठवलेल्या कागदावर एक रकाना होता, पूर्वी काय काम केलं, कुठं केलं. मी लिहीत होते.

"लिव," मावशी म्हणाली. "थंड्या खोलीत कोंडलं व्हतं, लिव."

"कधी?"

"तू आली व्हतीस त्या दिवशी."

माझं पेन थांबलं. ती मात्र रोजच्या आवाजात सांगत राहिली, धापा टाकत. टेम्पो माल सोडायला गेलेला, गाडी लवकर आली म्हणून फोन आला, सुपरवायझर धावत आला. देवळात न्यायला वेळ नाही, दहा मिनिटं आत बसा. अकरा बाया. आत खोकी रचलेली. द्राक्ष कुजू नये म्हणून प्रत्येक खोक्यात सल्फरचा कागद असतो, त्याचा वास नाकात आगीसारखा जातो. पंखे चालू. दहा मिनिटांचे दोन तास होऊन गेले. पदर ओला करून तोंडाला लावावा तर पाणी बाहेर. सगळ्या एकमेकींना चिकटून बसल्या. एक पोरगी आत ओकली, तर ते हातानं पुसून घेतलं, माल नासला म्हणतील म्हणून.

"भाकरी बाहेरच राहिल्या वाटतं गडबडीत," मी म्हटलं. काही तरी बोलायचं म्हणून.

मावशीनं माझ्याकडं बघितलं. "राहिल्या नाय. ठेवल्या. तो म्हनला व्हता, फडकी घेऊन आत जा. आमी नाय घेतली." दम लागला म्हणून थांबली. "त्यानंच सांगितलं व्हतं, तुमच्या गावाकडची, कालेजात शिकनारी पोरगी येनारे भाषांतराला. मी बायांना म्हनले, माझी पोर हाय. फडकी राहू द्या. तिला कळंल. ती इचारंल."

आमचा नंबर पुकारला. आम्ही आत गेलो.

डॉक्टर सरळ माणूस होता. म्हणाला, फुप्फुसं बरीच खराब आहेत. चुलीच्या धुरानंही होतं असं, वर्षानुवर्षांच्या. त्या एका दिवसानं किती केलं ते मला मोजून सांगता येणार नाही. कामाच्या जागेचा पुरावा आणलात तर तशी नोंद करू. त्या रात्री इंदिरानगरच्या खोलीत मावशी उशांना टेकून बसल्या बसल्या झोपली, कारण आडवं झालं की श्वास अडकतो. तिला मी सांगितलं होतं, मी काय उत्तर दिलं ते. ती एवढंच म्हणाली, "दोन येळची? आपल्यात कोन बांधतं गं दोन येळची?" जणू मी भूगोलाचा पेपर चुकवून आले होते.

मी तक्रार केली. कामगार कार्यालयात सुनावणी लागली. मावशीला पैसे नकोत. तिची मागणी एका ओळीची आहे: ती तिथं होती, असं कागदावर यावं. तिच्यापुढं बाकी फारसं काही उरलेलं नाही, हे तिला माहीत आहे. मालकाचं म्हणणंही एकाच ओळीचं: ही बाई आमच्याकडं कधीच कामाला नव्हती. पुरावा म्हणून त्यांनी तपासणीचा अहवाल लावला. माझ्या सहीचं पान.

मालकाच्या वकिलानं मला विचारलं, "ही सही तुमची?"

"हो."

"वाचून केली?"

"हो."

"मग त्या दिवशी खोटं बोललात की आज बोलताय?"

"त्या दिवशी."

"म्हणजे खोटं बोलता येतं तुम्हाला," तो म्हणाला आणि कागद खाली ठेवला.

मग त्यानं मावशीकडं बघितलं. "आजीबाई, त्या खोलीचं दार आतून उघडतं. कायद्यानं तशी कडी लागते, आमच्याकडं आहे. खरंच आत असता तर उघडून बाहेर का नाही आलात?"

हे खरं होतं. दार आतून उघडत होतं. मावशीला उत्तर द्यायला वेळ लागला, खोकल्यामुळं. "साहेब, तुमच्या घरी भांडीवाली येत असंल. पावने आल्यावर 'आतच थांब' म्हनून सांगता ना तिला? तिला इचारा, मोरीला कडी कोन्या बाजूनं हाय ते."

समोरचे अधिकारी गालात हसले, वकीलही हसला. पण हसण्याची नोंद होत नाही. अधिकारी मला म्हणाले, बाई, तुमची साक्ष तुमच्याच सहीनं कापली गेलीय. दुसरं कुणी आणा. त्या दिवशी तिथं असलेलं.

उरलेल्या दहा जणींकडं मी गेले. जीपनं, पायी. दोघी गुजरातला गेल्यात कामाला, पत्ता नाही. एकीचं लग्न होऊन ती कुठं गेली ते तिच्या घरचे सांगत नाहीत. पाच जणींनी हात जोडले, आम्हाला यात नको ओढू म्हणाल्या. जी आत ओकली होती ती पोरगी मला बघून घरात गेली आणि तिच्या सासूनं दारातच पाणी दिलं. एक जण पेंढा रचत होती, तिनं हात न थांबवता ऐकून घेतलं.

"ताई, मी नव्हतेच तिथं," ती म्हणाली.

"तुझं पिवळं फडकं होतं. मावशी म्हणाली."

आता ती थांबली. "माहीत हाय तर मंग तवा का नाय इचारलंस? माठापाशी उभी व्हती ना माझी जाऊ. तुझ्या तोंडाकडं बघत. तवा नाय इचारलं, आता इचारते व्हय?" पुन्हा पेंढी उचलली. "मुकादम म्हनलाय, जी साक्ष देईल तिची सगळी टोळी बंद. तू लिवलंस तेच राहू दे खरं."

मी उतरून आले. तिला काय म्हणणार? त्यांच्या जागी मी असते तर दारात पाणीसुद्धा दिलं नसतं.

त्या परदेशी बाईंना तीन पत्रं लिहिली. उत्तर त्यांच्या ऑफिसातून आलं: अहवाल पूर्ण झाला आहे, विषय बंद आहे, तुमच्या आस्थेबद्दल आभार. त्या खोक्यांवर काळ्या रेघांचा शिक्का असतो. त्यावरून तिकडच्या दुकानात उभ्या माणसाला कळतं की घड कुठल्या शिवारातल्या कुठल्या बागेतला. तेवढी सोय केलीय त्यांनी. मावशी त्या रेघांत कुठंच नाही.

परवा मावशीनं भाकर करायचा हट्ट धरला. गॅसवर, धूर नसतो म्हणून. दोन थापल्या, तिसऱ्या भाकरीला तिचे हात परातीतच राहिले. मी तिला उचलून भिंतीला टेकवलं. श्वास परत आल्यावर म्हणाली, "तारीख कधी हाय?"

आखाजीनंतरचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेनंतरचा पहिला सोमवार, सकाळी अकरा. अधिकाऱ्यांनी सांगितलंय की ही शेवटची. त्या दिवशी नवा साक्षीदार उभा राहिला नाही तर फाइल बंद होईल आणि 'ती तिथं कधीच नव्हती' हे सरकारदरबारी कायमचं खरं होईल. डॉक्टरच्या कागदावरचा रकाना रिकामा राहील. ती तो रिकामा ठेवूनच जाईल.

म्हणून हे तुमच्यासाठी लिहिलंय. तुम्ही पिंपळगावचे असाल, निफाडचे असाल, आता शहरात फ्लॅट घेतला असेल, पण त्या सीझनला त्या पॅकहाउसमध्ये तुम्ही होतात. तुम्ही टेम्पो चालवत होतात आणि 'लवकर ये' म्हणून तुम्हाला फोन आला होता. तुम्ही थंड खोलीच्या मशीनवर होतात आणि साडेबारानंतर तुम्हीच ते दार उघडलंत. तुम्ही ऑफिसात आम्हाला चहा आणून दिलात. तुम्ही हजेरी लिहायचात. सुपरवायझर, तुम्हीसुद्धा. अकरा जणी बाहेर आल्या तेव्हा तुम्ही त्यांना बघितलंय. खोकणारी म्हातारी तुम्ही विसरलेला नाहीत. मी खोटी सही केली आणि ती मागं घ्यायला उभी राहिले, पण माझं एकटीचं चालत नाही.

तुमच्या नावासकट एक ओळ लिहा: ती तिथं होती. खाली सही करा आणि सोमवारी अकराच्या आत तो कागद घेऊन कामगार कार्यालयात स्वतः या.